नाकासमोर सलाला

सासरे तांडेल. म्हणायचे,
आपल्या पुळणीवरून नाकासमोर होडी सोडलीस
नि मान वळवली नाहीस,
तर थेट सलाला.
थट्टा वाटायची.
आता दर्शना तिथे आहे, सातव्या महिन्यात,
जावई बंदरावर क्रेन चालवतो,
आणि मी पासपोर्टच्या खिडकीपुढे
बोटं चोळत उभी.

यंत्राला ठसे दिसत नाहीत.
चाळीस वर्षं सुरमई कापून बोटं गुळगुळीत झालीत, आजी,
पोरगा म्हणाला, खोबरेल लावून या.
देवगड ठाण्यात शाईने घेतले होते
तेव्हा दहाच्या दहा उठले होते झकास.

मग तो रकाना:
आपल्याविरुद्ध फौजदारी खटला प्रलंबित आहे काय?

आहे.
जेटीची मोजणी करायला आलेल्यांच्या वाटेत
आम्ही त्रेचाळीस जण आडवे निजलो होतो.
खुंट्या उपटून चुलीत घातल्या,
ते आरोपपत्रात नाही, इथेच सांगते.
आरोपपत्रात आहे
बेकायदेशीर जमाव, वाट अडवणे,
आणि हवालदार राऊळ यांचा उजवा हात पिरगळणे.
सात वर्षं झाली. जेटी झाली नाही,
खटलाही झाला नाही.
आमच्यातले तिघे वारले,
त्यांतल्या एकाला अजून समन्स येतं.

वकील नारिंग्रेकर चष्मा पुसत म्हणाले,
शालनताई, गंमत बघा,
आरोपी नंबर सतरा शालिनी खवले.
तुम्ही शालन खवळे.
एका ळ-ने सुटताय.
रकान्यात 'नाही' लिहा, कोण बघतो?

रात्रभर तो ळ जिभेवर घोळवला.
सोळा नंबर गुलाब मोंडकर, अठरा नंबर हसीना मुजावर.
त्या दिवशी एकीचा पदर माझ्या डोक्याखाली,
दुसरीचा पाय माझ्या पायावर, मुंग्या येईपर्यंत.
मधली जागा रिकामी करून
विमानात कशी बसू?
सकाळी स्टॅम्पपेपरवर लिहून दिलं,
शालिनी खवले ती मीच.
गुन्ह्यावर आपलं नाव नीट बसवायलाही
पैसे पडतात.

चौकशीला राऊळच आला.
खळ्यात बसला. चहा घेतला.
शेजारणीला विचारलं, बाईचं वर्तन कसं?
मी विचारलं, हात कसो आसा?
हात तेव्हाय बरोच होतो गो, म्हणाला,
आणि घाईने वहीत मान घातली.
शेरा मारला: प्रतिकूल.
जाताना सुके बांगडे दिले.
नको म्हणाला. मग घेतले.

आता कोर्टाची परवानगी.
तारीख. साहेब रजेवर.
तारीख. वकिलांचा बहिष्कार.
तारीख, आणि त्या दिवशी दुपारी
कोर्टाच्या पायरीवर फोन वाजला:
मुलगी झाली, आई. तीन किलो.
आत शिपाई माझा नंबर पुकारत होता.

सरकारी वकील उठले,
आरोपी फरार होण्याची शक्यता आहे.
मागच्या बाकावर गुलाब फिसकन हसली.
साहेबांनी मलाच विचारलं, परत याल का?
म्हटलं, अर्ध्या गावाकडे माझी उधारी आहे, साहेब.
त्यांनी सही केली. मुदत लिहायची राहिली,
म्हणून पासपोर्ट आला तो एका वर्षाचा.
बाकीच्यांचा दहा वर्षं चालतो म्हणे.

तांदळाच्या डब्यात ठेवलाय,
समन्सवर खवले, पासपोर्टवर खवळे,
एकावर एक.
फोनवर नात पालथी पडताना दिसते,
मान उचलते, टिकत नाही, आदळते.

सांजेला पुळणीवर जाते.
नाकासमोर बघायचं ठरवते, पण मान वळतेच.
मागे एक खुंटी राहिली होती मोजणीची,
उपटता उपटेना अशी.
हसीनाचा नवरा हल्ली
होडी तिलाच बांधतो.